बास्केटबॉलचा लाइव्ह सामना फक्त कानांनी: महागावातून ऐकायचा तर काय काय पर्याय आहेत?

जानेवारीतल्या एखाद्या सकाळी पावणेसहाला महागावच्या शिवारात अजून अंधार असतो. शेतीपंपाची वीज रात्रपाळीत असेल तर गव्हा-हरभऱ्याच्या ओलितासाठी कुणीतरी दांडावर उभं असतं. त्याच क्षणी न्यूयॉर्कमध्ये आदल्या संध्याकाळचे सव्वासात वाजलेले असतात आणि एनबीएचा, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगचा सामना सुरू व्हायला काही मिनिटं उरलेली असतात. हातात फावडं असताना स्क्रीनकडे बघता येत नाही. कान मात्र मोकळे असतात.

क्रिकेटच्या बाबतीत ही सवय महाराष्ट्राला नवी नाही. बास्केटबॉल कानांनी ऐकता येतो का, हा प्रश्न मात्र आपल्याकडे फारसा विचारला जात नाही. उत्तर आहे, येतो. पर्याय मोजकेच आहेत, त्यातले काही फुकट आहेत, काहींना पैसे पडतात आणि मराठीत ऐकायचं म्हटलं तर पंचाईत आहे.

मुळात व्हिडिओ असताना ऑडिओ कशाला?

सगळ्यात आधी हिशोब बघू. साध्या दर्जाचा ऑडिओ 64 केबीपीएस वेगाने येतो. म्हणजे सेकंदाला 8 केबी, तासाला साधारण 29 एमबी. एनबीएचा सामना घड्याळात 48 मिनिटांचा असला तरी टाइमआउट, फाउल, जाहिराती धरून सव्वादोन ते अडीच तास चालतो. म्हणजे पूर्ण सामना 70-75 एमबीमध्ये आटोपतो. दर्जा दुप्पट केला, 128 केबीपीएसवर ऐकलं, तरी दीडशे एमबीच्या आत. हाच सामना एचडी व्हिडिओमध्ये बघितला तर काही जीबी जातात आणि रोज दीड जीबीचा पॅक असलेल्याचा दिवसाचा कोटा सकाळी नऊच्या आतच संपतो.

दुसरं कारण नेटवर्कचं. शिवारात टॉवरची एखादीच काडी असते तेव्हा व्हिडिओ गोल गोल फिरत राहतो, ऑडिओ मात्र बऱ्याचदा तग धरतो. तिसरं कारण बॅटरी. स्क्रीन बंद असेल तर फोन कितीतरी जास्त वेळ चालतो.

आणि चौथं कारण, ज्याचा उल्लेख अशा लेखांमध्ये सहसा राहून जातो: ज्यांना दिसत नाही किंवा कमी दिसतं, त्यांच्यासाठी ऑडिओ हाच सामना असतो. टीव्हीवरचा समालोचक गृहीत धरतो की चित्र तुमच्यासमोर आहे. त्यामुळे तो खेळाडूच्या जुन्या दुखापतीबद्दल बोलत राहतो आणि चेंडू कुठे आहे ते सांगतच नाही. रेडिओच्या समालोचकाला तशी मुभा नसते. म्हणून टीव्हीचा आवाज ऐकणं आणि रेडिओ समालोचन ऐकणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पर्याय निवडताना हा फरक लक्षात ठेवलेला बरा.

सामने भारतात किती वाजता असतात?

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याची वेळ हिवाळ्यात भारताच्या साडेदहा तास मागे असते. तिथली संध्याकाळी साडेसातची वेळ म्हणजे आपल्याकडे दुसऱ्या दिवशी सकाळचे सहा. पश्चिम किनारा साडेतेरा तास मागे, म्हणून लॉस एंजेलिस किंवा सॅक्रामेंटोचा संध्याकाळी सातचा सामना आपल्याकडे सकाळी साडेआठला सुरू होतो. मार्चच्या दुसऱ्या रविवारपासून नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपर्यंत अमेरिकेतली घड्याळं एक तास पुढे असतात. त्या काळात आपल्याकडे सगळं एक तास लवकर होतं. मार्चमध्ये 'सहाला लावला तर पहिला क्वार्टर संपलेला' असं ज्यांचं होतं, त्यांचा घोळ इथे असतो.

रात्री ऐकायचं असेल तर अमेरिकेतले दुपारचे सामने शोधावेत. नाताळच्या दिवशीचा पहिला सामना तिथे दुपारी बाराला असतो, म्हणजे 25 डिसेंबरला आपल्याकडे रात्री साडेदहाला.

हंगाम ऑक्टोबरच्या उत्तरार्धात सुरू होतो आणि जूनमध्ये अंतिम फेरीनं संपतो. यवतमाळ जिल्ह्याच्या भाषेत सांगायचं तर कापसाच्या पहिल्या वेचणीपासून पुढच्या पेरणीच्या तयारीपर्यंत. 30 संघ, प्रत्येकी 82 सामने, म्हणजे साखळीतच 1,230 सामने. ऐकायला काही नाही, अशी सकाळ हंगामात क्वचितच उजाडते.

पर्याय पहिला: एनबीएचं स्वतःचं अ‍ॅप

सगळ्यात भरवशाचा आणि कायदेशीर मार्ग हाच. एनबीएच्या अ‍ॅपमध्ये लीग पास नावाची सशुल्क सेवा आहे. तिच्यात व्हिडिओसोबत यजमान आणि पाहुण्या संघाच्या रेडिओ समालोचनाचा पर्याय वर्षानुवर्षं दिला जातो. सामना उघडल्यावर प्रसारणाच्या यादीत 'ऑडिओ' किंवा 'रेडिओ' असं लिहिलेलं किंवा हेडफोनचं चिन्ह असलेलं शोधायचं. योजना आणि किमती दर हंगामाला बदलतात, त्यामुळे पैसे भरण्याआधी आपल्या योजनेत ऑडिओ आहे का, हे त्या पानावरच तपासावं. फुकट चाचणीचे दिवस मिळत असतील तर ऑडिओ आपल्या नेटवर्कवर चालतो का, हे त्यातच कळतं.

इथे एक छोटी युक्ती आहे. यजमान संघाचा समालोचक निवडला तर प्रेक्षकांचा गोंगाट आणि समालोचकाचा उत्साह एकाच बाजूचे असतात, कान लवकर रुळतो. अमेरिकेतले संघांचे समालोचक तटस्थ असल्याचा आव फारसा आणत नाहीत. गावच्या कबड्डीच्या मैदानावर माइक हातात असलेला माणूस आपल्या मंडळाकडून कसा बोलतो, ते आठवा, साधारण तसंच.

पर्याय दुसरा: अमेरिकेतल्या रेडिओ केंद्रांचं थेट प्रक्षेपण

प्रत्येक एनबीए संघाचं एक मुख्य रेडिओ केंद्र असतं. या केंद्रांच्या वेबसाइट आणि अ‍ॅप जगभर उघडतात, म्हणून अनेकांना वाटतं की काम झालं. सामना सुरू झाला की मात्र तिथे एखादा गप्पांचा कार्यक्रम ऐकू येतो किंवा 'तुमच्या भागात उपलब्ध नाही' अशी सूचना येते.

यात बिघाड काही नाही. हवेतून रेडिओ लहरींवर सामना ऐकवण्याचे हक्क वेगळे आणि इंटरनेटवरून ऐकवण्याचे हक्क वेगळे विकले जातात. केंद्राकडे पहिले असतात, दुसरे बहुतेक वेळा लीग स्वतःकडे ठेवते. म्हणून रेडिओची अनेक केंद्रं एकत्र देणाऱ्या अ‍ॅपवर ऐन सामन्याच्या वेळी निराशा होण्याची शक्यता जास्त. सामन्याआधीची आणि नंतरची चर्चा मात्र तिथे फुकट आणि मनसोक्त ऐकायला मिळते.

पर्याय तिसरा: कॉलेज बास्केटबॉल

फुकटात, कायदेशीर आणि खऱ्याखुऱ्या रेडिओ शैलीत बास्केटबॉल ऐकायचा असेल तर अमेरिकेतल्या विद्यापीठांचे सामने हा सगळ्यात चांगला मार्ग आहे, आणि भारतात तो सगळ्यात कमी माहीत आहे. 'द व्हर्सिटी नेटवर्क' हे अ‍ॅप अनेक विद्यापीठांच्या संघांचं थेट रेडिओ समालोचन विनाशुल्क देतं. मार्चमध्ये होणाऱ्या राष्ट्रीय विद्यापीठ स्पर्धेचं रेडिओ समालोचन वेस्टवुड वन ही कंपनी करते, तेही सहसा ऑनलाइन ऐकता येतं. यात नावाजलेले खेळाडू नसतात, पण खेळ संथ असतो, प्रत्येक चाल उलगडून सांगितली जाते. नव्या श्रोत्यानं सुरुवात इथूनच करावी.

पर्याय चौथा: यूट्यूबवरचे 'स्कोअरबोर्ड' चॅनेल

यूट्यूबवर सामन्याच्या वेळी 'लाइव्ह' लिहिलेले डझनावारी व्हिडिओ दिसतात. त्यांचे तीन प्रकार आहेत. एक, चोरीचं चित्र दाखवणारे, जे मध्येच बंद पडतात. दोन, व्हिडिओ गेममधला सामना खरा म्हणून खपवणारे. ग्राफिक्स इतकी हुबेहूब असतात की पाच मिनिटं फसायला होतं, आणि फक्त ऐकणारा तर पूर्णच फसतो. तीन, प्रामाणिक चॅनेल: पडद्यावर फक्त गुणफलक असतो आणि एखादा चाहता सामना बघत बघत स्वतःच्या शब्दांत तो सांगत असतो. ऐकणाऱ्यासाठी हा तिसरा प्रकार कामाचा.

दर्जा 144पी ठेवला तर डेटा कमी जातो. अडचण एवढीच की स्क्रीन लॉक केली की यूट्यूबचा आवाज बंद होतो, पार्श्वभूमीत ऐकण्यासाठी प्रीमियमचे पैसे भरावे लागतात. फोन खिशात ठेवून ऐकायचं असेल तर हा मोठा तोटा आहे.

भारतातल्या राष्ट्रीय स्पर्धांचे सामने भारतीय बास्केटबॉल महासंघाच्या यूट्यूब चॅनेलवर दाखवले जातात. तिथलं समालोचन टीव्हीच्या शैलीतलं असतं, त्यामुळे फक्त ऐकून चित्र पूर्ण उभं राहत नाही. तरी पुण्याची शिरीन लिमये किंवा महाराष्ट्राचा संघ कसा खेळतोय हे कळायला दुसरा मार्ग नाही.

आकाशवाणीवर काही मिळतं का?

इथे महागावचा भूगोल मध्ये येतो. एफएमच्या लहरी साधारण नजरेच्या रेषेत जातात, डोंगर आणि अंतर आलं की क्षीण होतात. यवतमाळ आणि नांदेड या दोन्ही केंद्रांपासून लांब असलेल्या तालुक्यात एफएम कुठे लागेल, हे तुम्ही टेकडीवर आहात की पूस नदीच्या खोलगट भागात, यावर ठरतं. मीडियम वेव्हचं तसं नाही. त्या लहरी जमिनीला धरून दूरवर जातात. त्यामुळेच नागपूरचं 585 किलोहर्ट्झवरचं केंद्र दोनशे किलोमीटरहून लांबच्या गावांतही पिढ्यान् पिढ्या ऐकलं गेलं. मात्र आकाशवाणीनं गेल्या काही वर्षांत देशभरातले अनेक मीडियम वेव्ह ट्रान्समीटर बंद केले आहेत. म्हणून जुना रेडिओ सेट माळ्यावरून काढण्याआधी शेजाऱ्याच्या सेटवर काय लागतं ते बघावं.

इंटरनेट असेल तर प्रसार भारतीच्या 'न्यूज ऑन एअर' अ‍ॅपवर देशभरातली आकाशवाणी केंद्रं मिळतात. क्रिकेटच्या मोठ्या सामन्यांचं हिंदी आणि इंग्रजी समालोचन आकाशवाणीवर होतं. त्याला कायद्याचाही आधार आहे. 2007 च्या क्रीडा प्रसारण संकेत कायद्यानुसार राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचं प्रक्षेपण खासगी हक्कधारकांना प्रसार भारतीला द्यावं लागतं. जाहिरातींच्या उत्पन्नात हक्कधारकाचा वाटा टीव्हीसाठी किमान 75 टक्के आणि रेडिओसाठी किमान 50 टक्के असतो. एनबीएचा सामना यात येत नाही. त्यामुळे बास्केटबॉलसाठी आकाशवाणीची वाट बघण्यात अर्थ नाही.

मोबाईलमधल्या एफएमबद्दल एक गोष्ट. फोनमध्ये एफएमची सोय असेल तर वायरचा इअरफोन लावावा लागतो, कारण ती वायरच अँटेना म्हणून काम करते. ब्लूटूथ लावून 'एफएम चालत नाही' अशी तक्रार करण्यात हशील नाही. अनेक कंपन्यांनी ही सोयच काढून टाकायला सुरुवात केली, तेव्हा 2023 मध्ये केंद्र सरकारनं फोनमध्ये एफएम सुरू ठेवावं, असं मोबाईल उत्पादकांना सांगितलं.

मराठीत बास्केटबॉल का ऐकू येत नाही?

भारतातलं खेळाचं रेडिओ समालोचन सुरू झालं ते मुंबईत. 1934 मध्ये एस्प्लनेड मैदानावरच्या पारशी विरुद्ध मुस्लिम सामन्याचं समालोचन ए. एफ. एस. उर्फ बॉबी तल्यारखान यांनी केलं. ते दिवसभर एकटेच बोलत आणि माइक दुसऱ्याला द्यायला तयार नसत. पुढे आकाशवाणीवर मराठी क्रिकेट समालोचनाला आवाज मिळाला तो बाळ ज. पंडित यांचा. महाराष्ट्राकडून रणजी खेळलेला हा माणूस मैदानावरची हालचाल घरगुती मराठीत सांगायचा. अलीकडे 2023 च्या आयपीएलमध्ये जिओसिनेमानं बारा भाषांत समालोचन दिलं, त्यात मराठी होती. म्हणजे बाजारानं मनावर घेतलं तर मराठीत होऊ शकतं.

बास्केटबॉलमध्ये महाराष्ट्राची पुण्याई कमी नाही. मुंबईच्या नागपाड्यानं अब्बास मुंतसीर यांच्यासारखा खेळाडू दिला, ज्यांना 1970 चा अर्जुन पुरस्कार मिळाला. सॅक्रामेंटो किंग्ज या एनबीए संघाचे मालक विवेक रणदिवे मुंबईत जन्मलेले. 2013 मध्ये त्यांच्या गटानं हा संघ घेतला आणि एनबीए संघाची बहुसंख्य मालकी असलेले ते भारतीय वंशाचे पहिले ठरले. 4 आणि 5 ऑक्टोबर 2019 ला त्यांचाच संघ इंडियाना पेसर्सविरुद्ध मुंबईत वरळीच्या एनएससीआय डोममध्ये खेळला. भारतात झालेले एनबीएचे हे पहिले सामने. पहिला सामना जादा वेळेत गेला आणि पेसर्सनी 132-131 असा एका गुणानं जिंकला. दुसराही त्यांनीच घेतला, 130-106. एवढं सगळं असून एनबीएचं नियमित मराठी रेडिओ समालोचन नाही. टीव्हीवर हिंदीपर्यंत मजल गेली, मराठीपर्यंत नाही.

खासगी एफएम केंद्रांना सामन्यांचं थेट समालोचन करायला मनाई आहे, असं म्हटलं जातं. ते अर्धंच खरं आहे. 2011 च्या एफएम धोरणाच्या तिसऱ्या टप्प्यात क्रीडा स्पर्धांच्या थेट प्रक्षेपणाला परवानगी नाही, पण स्थानिक स्वरूपाच्या सामन्यांचं थेट समालोचन करता येईल, अशी सूट त्यातच लिहिलेली आहे. नागपूर किंवा अमरावतीत होणाऱ्या आंतरमहाविद्यालयीन बास्केटबॉल सामन्याचं मराठी समालोचन या चौकटीत बसू शकतं. ही सूट वापरली जाताना फारशी दिसत नाही. खंत वाटावी अशी गोष्ट खरं तर ही आहे, अमेरिकेतला सामना मराठीत नाही ही नव्हे.

मग स्वतःच मराठीत सामना सांगत लाइव्ह गेलं तर? प्रसारणाचं चित्र किंवा मूळ आवाज वापरला तर हक्कांचा भंग होतो. नुसता गुणफलक सांगण्याबद्दल 2013 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या खंडपीठानं म्हटलं होतं की सामन्याच्या माहितीवर आयोजकांची अशी वेगळी मालकी नसते. ते प्रकरण पुढे सर्वोच्च न्यायालयात गेलं. गावातल्या स्पर्धेचं आपल्या मंडळाच्या पानावरून समालोचन करायला मात्र आयोजकांची परवानगी घेतली की पुरे.

ऐकताना समजायचं कसं?

क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मध्ये श्रोत्याला श्वास घ्यायला वेळ असतो. बास्केटबॉलमध्ये तो नसतो. संघाला 24 सेकंदांत बास्केटकडे चेंडू फेकावाच लागतो. हा नियम एनबीएत 1954 मध्ये आला. पहिल्या दिवशी सगळा कल्ला वाटतो, ते साहजिक आहे.

अमेरिकेतले समालोचक सुरुवातीलाच सांगतात की अमुक संघ 'तुमच्या रेडिओच्या डायलवर डावीकडून उजवीकडे' खेळतोय. हे वाक्य पकडायचं. मग मनात मैदान आखायचं: एनबीएचं मैदान 94 फूट लांब आणि 50 फूट रुंद. बास्केटच्या मागची आडवी रेषा म्हणजे बेसलाइन, बास्केटसमोरचा रंगवलेला चौकोन म्हणजे पेंट, त्या चौकोनाचं वरचं टोक म्हणजे टॉप ऑफ द की, दोन्ही बाजू म्हणजे विंग आणि कोपरा म्हणजे कॉर्नर. एवढे पाच शब्द कानाला ओळखू आले की चेंडू कुठे आहे ते 'दिसायला' लागतं. 'स्लॅम डंक' आणि 'एअरबॉल' हे शब्द रूढ करण्याचं श्रेय लॉस एंजेलिस लेकर्सचे समालोचक चिक हर्न यांना दिलं जातं. 1965 ते 2001 या काळात त्यांनी सलग 3,338 सामने सांगितले, एकही न चुकवता.

गुण लक्षात ठेवायचा प्रयत्न करू नये. दोन्ही संघ शंभरी पार करतात, हिशोब राहत नाही. फरक तेवढा धरून ठेवायचा: 'सातनं पुढे', 'तीननं मागे'. चांगला समालोचक गुण सतत सांगत राहतो. रेड बार्बर हे अमेरिकेतले बेसबॉलचे समालोचक गुण सांगायला विसरू नये म्हणून समोर अंडी उकडताना वापरतात ते तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवत.

इंटरनेटवरचा ऑडिओ मैदानापेक्षा साधारण अर्धा-एक मिनिट मागे असतो. म्हणून शेवटच्या दोन मिनिटांत गुणांची नोटिफिकेशन बंद ठेवावीत, व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपही. नाहीतर निकाल आधी कळतो आणि बास्केट नंतर पडते.

ज्यांना दिसत नाही त्यांच्यासाठी आणखी काय?

अँड्रॉइड फोनमधलं टॉकबॅक सुरू केलं तर एनबीए अ‍ॅपमधला प्रत्येक चालीचा मजकूर वाचून दाखवला जातो. ऑडिओ अडखळला की हा आधार उपयोगी पडतो, फक्त दोन्ही आवाज एकमेकांवर येऊ नयेत म्हणून समालोचनाचा आवाज थोडा कमी ठेवावा लागतो.

अमेरिकेत याच्या पुढचा प्रयोग सुरू आहे. पोर्टलंड ट्रेल ब्लेझर्स संघानं 2025 च्या सुरुवातीला आपल्या मैदानावर 'वनकोर्ट' नावाचं उपकरण अंध प्रेक्षकांना द्यायला सुरुवात केली. मांडीवर ठेवायच्या पाटीसारखं ते असतं, त्यावर मैदानाच्या उंचवट्याच्या रेषा असतात आणि चेंडू जिथे असेल तिथे बोटाखाली कंप जाणवतो. कानाला समालोचन, बोटाला चेंडू. रणदिवेंच्या सॅक्रामेंटोनंही पाठोपाठ ते घेतलं. ही सोय तिथल्या स्टेडियमपुरती आहे. घरी बसलेल्या श्रोत्याला पुठ्ठ्यावर सुतळी चिकटवून मैदान करून घेता येईल. बेसलाइन, पेंट आणि तीन गुणांची कमान एवढं त्यावर असलं, की समालोचक 'लेफ्ट कॉर्नर' म्हणाला की बोट तिथे नेता येतं.